गावात पोथ्यांची खोली सुरू करायचीय? मग आधी एक वही घ्या

सहा वर्षांपूर्वी आमच्या वाड्यावरचं एक जुनं घर विकायला काढलं आणि माळ्यावरचा पेटारा खाली उतरवला तेव्हा मी तिथे होते. आत लाल फडक्यात बांधलेले सात रुमाल, म्हणजे कागद-पोथ्यांची गाठोडी, एक टिनाची पेटी भरून पोर्तुगीज कागद, आणि एका रुमालात एक छोटी वही, जिच्यात घरातल्या कुणा पणजोबांनी लहान मुलांच्या औषधांची मापं लिहून ठेवलेली. घरच्या काकीने मला विचारलं, बाय, ह्याचं काय करू, नदीत सोडू का? तिला पोथ्यांबद्दल आदरच होता, म्हणून तर नदीत सोडायचं म्हणत होती, रद्दीत नाही. पण आम्ही ते त्या दिवशी उचललं नसतं तर सगळं गेलंच असतं.

त्यातूनच फोंडा तालुक्यातल्या आमच्या देवळाच्या अग्रशाळेत, म्हणजे भाविकांना उतरायच्या इमारतीत, एक खोली उभी राहिली. नाव वगैरे काही नाही, सगळे पोथ्यांची खोलीच म्हणतात. आता दुसऱ्या गावांतून फोन येतात की आम्हालाही करायचंय, सुरुवात कुठून करू, आणि प्रत्येकाला तेच तेच सांगून शेवटी वाटलं एकदा लिहूनच काढावं. मी ग्रंथपाल नाही, संशोधक पण नाही, शाळेत शिकवत होते. जे चुकून चुकून शिकले ते इथे लिहितेय.

१. आधी ठरवा, काय ठेवणार आणि काय नाही

पहिल्या महिन्यात लोक तुमच्याकडे सगळं आणून टाकतील. जुनी पंचांगं, फुटक्या समया, लग्नाच्या पत्रिका, टाइपरायटर. नाही म्हणायला जड जातं, पण म्हणा. आम्ही तीनच गोष्टी ठरवल्या: हाताने लिहिलेलं काहीही, गोव्यात छापलेलं जुनं, आणि म्हाताऱ्या माणसांच्या डोक्यात असलेलं, म्हणजे रेकॉर्डिंग. बाकी ज्याला द्यायचं त्याला द्या म्हणून सांगतो.

आणि "हे मोठ्या संस्थांचं काम, आपलं नाही" असं कुणी म्हणालं तर त्याला गोव्यात आलेल्या इंग्रज मिशनरी फादर थॉमस स्टीफन्सची गोष्ट सांगा. त्याचं मराठी ख्रिस्तपुराण १६१६ मध्ये रायतूरला (राशोल) छापलं, पुढे त्याच शतकात आणखी दोन आवृत्त्या निघाल्या, आणि आज त्या तिन्ही छापील आवृत्त्यांची एकही प्रत सापडत नाही. ग्रंथ वाचला तो लोकांनी हाताने उतरवून ठेवलेल्या नकलांमुळे. आपल्या सोळाव्या शतकातल्या कोंकणी-मराठी कथांच्या वह्या तर पोर्तुगालमधल्या ब्रागाच्या ग्रंथालयात मिळाल्या. गावात राहिलं नाही, तिकडे राहिलं.

२. जागा

गोव्यात वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो आणि चिऱ्याची भिंत पाणी पिते, हे दोन मुद्दे डोक्यात ठेवून खोली बघा. तळमजल्यावरची कोपऱ्यातली खोली फुकट मिळते म्हणून घेऊ नका. पावसाची झड ज्या भिंतीवर बसते ती भिंत खोलीला नको, वर पाण्याची टाकी नको, शेजारी न्हाणीघर नको. कौलारू असेल तर मे महिन्यात एकदा कौलं बघून घ्यायला माणूस लागतोच.

स्टीलचं कपाट चालेल, पण भिंतीपासून वीतभर पुढे आणि जमिनीपासून वर, खाली विटा घाला. लाकडी कपाट दिसायला छान असतं पण आपल्याकडे वाळवी लागली की आठवड्यात आत शिरते, त्यामुळे मी तरी नको म्हणेन. हवेतली आर्द्रता मोजायचं छोटं यंत्र काहीशे रुपयांत मिळतं, ते घ्याच. कागदाला ४५ ते ५५ टक्के बरी. आपल्याकडे जुलैत ९० दाखवेल तेव्हा घाबरू नका, त्याचं काय करायचं ते शेवटी सांगते.

३. परवानगी आणि कागदपत्रं

देवळाची जागा असेल तर एका महाजनाने, म्हणजे देवळाच्या हक्कदाराने, तोंडी "करा हो" म्हटलं म्हणून सुरू करू नका. समितीच्या बैठकीत ठराव घ्या, त्यात खोली कुठली, किती वर्षांसाठी, वीजबिल कोण भरणार, चावी कुणाकडे, सगळं लिहून घ्या, कारण समिती बदलते, आणि देवस्थानांवर मामलेदाराची देखरेख असल्याने उद्या कुणी तक्रार केली तर तुमच्या हातात ठरावाची प्रत पाहिजे.

संस्था रजिस्टर करायची तर १८६० च्या सोसायटी कायद्याखाली निदान सात माणसं लागतात. पहिल्या वर्षी गरज नाही असं माझं मत. आधी काम करून बघा, सातपैकी किती जण रविवारी खरंच येतात ते कळेल.

हाताशी ठेवायचे कागद:

– समितीच्या ठरावाची प्रत
– घराकडून सही घ्यायचा फॉर्म
– ठेव पावती, दोन प्रतींत
– रेकॉर्डिंगसाठी संमतीपत्र
– आवक-जावक वही

फॉर्मवर तीन पर्याय ठेवा: कायमचं दिलं, ठेव म्हणून दिलं, किंवा फक्त फोटो काढू दिले. सुरुवातीला आम्ही पहिलाच पर्याय ठेवला होता आणि लोक बिचकले. तिसरा आला तशी दारं उघडली. पोथी घरातच राहणार, आपल्याला फोटो मिळणार, कुणाचं काही जात नाही.

इथे आपल्याकडची एक खास अडचण आहे. जुने पोर्तुगीज कागद बाहेर काढले की लोकांच्या मनात पहिली शंका जमिनीची येते. इन्व्हेंटरी (वारसांत मालमत्ता वाटायचं प्रकरण), वाटण्या, मुंडकार (दुसऱ्याच्या जमिनीवर घर असलेला), कुठल्या भावाचा कुठला भाग, आणि त्यांची भीती खोटी नाही, घराघरात केसी चालू आहेत. म्हणून नियम करा आणि तो फॉर्मवरच छापा की जमिनीचे, वाटणीचे, कर्जाचे कागद घराच्या लेखी परवानगीशिवाय कुणालाही दाखवले जाणार नाहीत आणि इंटरनेटवर तर अजिबात जाणार नाहीत. हा नियम एकदा जरी मोडला तर पूर्ण गाव तुमच्यासाठी बंद होईल.

४. सामान

महागडं काही लागत नाही. मऊ रुंद ब्रश दोन-तीन, एन-९५ मास्क, शिसपेन्सिली, टीपकागदाचा गठ्ठा, अ‍ॅसिड-फ्री कागद मिळाला तर तो, मांजरपाट, सुती नाडी, मोबाइल किंवा कॅमेरा आणि त्याचा स्टँड, काळं कापड एक मीटर, मोजपट्टी, हार्ड डिस्क दोन, सिलिका जेल (ओलावा शोषणारे खडे), आणि दोनशे पानी जाड पुठ्ठ्याची वही.

मांजरपाट आणलात की दोनदा गरम पाण्यात धुवून वाळवा आणि मगच वापरा. नव्या कापडाला खळ असते, आणि खळ म्हणजे कसरीला जेवण. हे मला कुणीच सांगितलं नव्हतं, एका पावसाळ्यानंतर फडक्याच्या घड्यांत कसर दिसली तेव्हा कळलं. पेन खोलीत आणूच नका, शाईचा एक डाग पडला की तो कायमचा.

५. घरी जाताना

चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, सगळी माणसं मुंबई-पुण्याहून, परदेशातून घरी येतात, त्यामुळे विचारायला तोच वेळ उत्तम, सगळे भाऊ एकत्र असतात आणि नंतर "मला विचारलं नाही" होत नाही. पण तेव्हा फक्त विचारा, उघडू नका. भर पावसात रुमाल सोडला की सुकी पानं दमट हवा ओढून घेतात. उघडायचं दिवाळीनंतर, मार्चपर्यंत.

देव्हाऱ्यातली पोथी असेल तर घरातले सांगतील तसं वागा. सोवळं असेल तर आंघोळ करून जा, चपला बाहेर, पोथी जमिनीवर ठेवायची नाही, पाट मागून घ्या. त्यांनी इतकी वर्षं सांभाळली म्हणून आज आपल्याला दिसतेय. आणि घाई करू नका. एका घरी मी चार वेळा नुसता चहा पिऊन आले, पाचव्या वेळी आजींनी स्वतःच पेटी पुढे सरकवली.

६. नोंद आधी, साफसफाई नंतर

हा भाग नीट वाचा, बाकी लेख विसरलात तरी चालेल.

पेटी उघडली की पुसायची, झटकायची, लावून ठेवायची खाज येते. थांबा. पेटी जशी आहे तशी आधी फोटो. मग रुमाल जसा बांधलाय तसा फोटो. मग गाठ सोडा, वरून दिसतं तसं परत फोटो. कुठल्या रुमालात काय, वरती काय, खाली काय, मधे कुठे सुटी चिठ्ठी होती, फडक्यावर काही लिहिलंय का, सगळं वहीत पेन्सिलीने. घराला नंबर, रुमालाला नंबर, आतल्या प्रत्येक पोथीला नंबर, मग पान. पोथीच्या पानाला एकाच बाजूला अंक असतो, म्हणून आम्ही पानाच्या पुढच्या बाजूला अ आणि मागच्या बाजूला ब लावतो. पोथीवर नंबर लिहायचा नाही, कागदाची पट्टी करून तिच्यावर लिहायचा आणि ती पट्टी पोथीबरोबर ठेवायची.

एवढं कशाला? कारण जुन्या माणसांनी ज्या क्रमाने बांधलं त्या क्रमातच अर्ध्या गोष्टी लिहिलेल्या असतात. त्या पहिल्या पेटाऱ्यातली औषधांची वही एका ज्योतिषाच्या रुमालात होती. मला वाटलं चुकून गेली असणार, मी ती काढून "वैद्यक" म्हणून वेगळी ठेवली आणि कुठून काढली ते लिहिलं नाही. वर्षभराने वही नीट वाचली तेव्हा दिसलं की प्रत्येक औषधापुढे नक्षत्र लिहिलंय आणि "मागील पत्री पाहावे" अशी खूण आहे. मागील पत्र म्हणजे त्याच रुमालातलं एक सुटं पान. सुटी पानं तोवर आम्ही आकाराप्रमाणे लावून टाकलेली. ते पान अजून सापडलेलं नाही. कागद तिथेच कुठेतरी आहे, एकही जळला नाही, फाटला नाही, तरी त्या मुलांच्या औषधाचं अर्धं ज्ञान मी हरवलं, आणि ते कसरीने नाही, माझ्या नीटनेटकेपणाने हरवलं.

म्हणून सांगते, स्कॅनर नंतर, कपाट नंतर, रजिस्ट्रेशन नंतर. आधी वही.

७. साफ करताना

जुन्या पोथ्यांच्या शेवटी नकलकार एक श्लोक लिहायचे, तुमच्याही पेटीत कुठेतरी मिळेल: तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात्। मूर्खहस्ते न दातव्यम् एवं वदति पुस्तकम्॥ तेलापासून जपा, पाण्यापासून जपा, सैल बांधणीपासून जपा, मूर्खाच्या हाती देऊ नका, असं पुस्तक म्हणतं. आमच्या खोलीच्या दारावर तो लावलाय आणि खरं तर कामाची सगळी यादी त्यात आली.

तेल: ताडपत्राला लावतात तसं तेल कागदाला कुणी सुचवेल, लावू नका. तेलकट हातांनीही धरू नका, भजी खाऊन आलेला माणूस पहिल्यांदा साबणाने हात धुवेल.

पाणी: ओल्या फडक्याने पुसायचं नाही. काजळीची शाई शेकडो वर्षं काळीभोर राहते पण पाणी लागलं की पसरते. कोरडा मऊ ब्रश, मधून कडेकडे, हलक्या हाताने. मोडी कागदावर ब्रश फिरवताना कधी कधी बारीक चकाकणारे कण दिसतात. धूळ नाही ती, शाई सुकायला लिहिणाऱ्याने टाकलेली वाळू आहे, अक्षरावर चिकटून राहिलेली. मी पहिल्यांदा भिंगातून पाहिली तेव्हा बराच वेळ नुसती बघत बसले. ती घासून काढू नका.

सैल बांधणी: पानं घट्ट नाही पण सरळ बसली पाहिजेत, दोन पुठ्ठ्यांच्या मधे, वर धुतलेलं फडकं, वर नाडी. रबरबँड, टाचणी, स्टेपल नको, आपल्या हवेत रबर चिकटतं आणि टाचणी-स्टेपल गंजतात.

आता मूर्खहस्त. सेलोटेप लावू नका, त्याचा गोंद पिवळा होऊन कागदात उतरतो आणि नंतर निघत नाही. लॅमिनेशन तर कधीच नाही, एकदा केलं की परत फिरता येत नाही. बाइंडिंगला बाहेर देताना स्वतः समोर बसा. आमची एक हिशेबाची जुनी वही एकाने सुंदर बांधून दिली, पण बांधण्याआधी कडा मशीनवर सरळ कापून घेतल्या, आणि समासात लिहिलेले सगळे आकडे त्या कात्रणात गेले. मी कात्रण मागायला गेले तोवर कचरा गेला होता. तो माणूस वाईट नव्हता, त्याला नव्या वह्या बांधायची सवय होती आणि मी सांगितलं नव्हतं.

डांबरगोळ्या कागदाजवळ नको, माणसालाही त्रास होतो. वेखंड किंवा सुकलेला कडुलिंब सुती पुरचुंडीत बांधून कपाटाच्या कोपऱ्यात ठेवला तर हरकत नाही, पानांमधे मात्र घालायचा नाही. उन्हात वाळत घालायचं नाही, सावलीत वाऱ्याला चालेल. बुरशी दिसली की ते बाड लगेच वेगळं करा, मास्क लावा, बाहेर पडवीत काम करा.

पोर्तुगीज कागदांचं वेगळं आहे. त्यांची शाई बऱ्याचदा मायफळ आणि लोखंडाच्या क्षारांची असते, ती आधी तपकिरी होते आणि मग कागदच खाते, अक्षराच्या जागी अक्षराच्या आकाराचं भोक पडतं. असे कागद घडी उघडतानाच तुटतात. त्यांना हात न लावता आधी जाणकाराला दाखवा.

८. लिपी आणि तारखा

गोव्यातल्या पेटीत चार तऱ्हा निघू शकतात: देवनागरी, मोडी, पोर्तुगीज हस्ताक्षर, आणि क्वचित कंदेवी, म्हणजे गोंयकानडी. शेवटची वाचणारी माणसं फार थोडी, त्यामुळे नुसतं ओळखून वेगळी नोंद केली तरी पुष्कळ.

मोडी शिकता येते, खरंच येते. आधी पानभर आडव्या रेघा मारतात आणि अक्षरं त्यांना टांगलेली असतात, हात न उचलता लिहिलेलं असतं, शब्दांमधे जागा नसते, ऱ्हस्व-दीर्घ पाळत नाहीत. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत ती शाळेत होती, त्यामुळे तुमच्या गावात नव्वदीच्या घरातलं कुणी असेल तर आजच जा. मी रोज अर्धा तास करून सात-आठ महिन्यांत साधं पत्र वाचू लागले. २०१४ पासून मोडीला युनिकोडही आहे, म्हणजे टाइप करता येते.

तारीख काढायला: शके असेल तर ७८ मिळवा, साधारण माघ-फाल्गुनात ७९, कारण तोवर इंग्रजी वर्ष बदललेलं असतं. शके १६७८ म्हणजे १७५६-५७. मराठेशाहीच्या पत्रांत सुहूर सन येतो, त्यात ५९९ किंवा ६०० मिळवायचे, आणि "छ" म्हणजे चंद्र, पुढे मुसलमानी महिन्याची तारीख. नवखा माणूस "छ" ला सही समजतो, मीही समजले होते. पोथीची तारीख, नकलकाराचं नाव, गाव हे शेवटच्या पानावर पुष्पिकेत असतं, त्यामुळे शेवटचं पान आधी वाचा.

वाचता आलं नाही तर अंदाज वहीत लिहू नका. "न वाचलेलं" असंच लिहा. चुकीचा अंदाज एकदा वहीत गेला की दहा जण तोच पुढे नेतात.

९. फोटो काढणं

स्कॅनरवर पोथी उलटी दाबायची नाही. खिडकीजवळ टेबल, सकाळचा उजेड, ऊन थेट नको, फ्लॅश बंद. खाली काळं कापड, शेजारी मोजपट्टी आणि नंबराची पट्टी, कॅमेरा स्टँडवर अगदी वरून सरळ. पानाच्या चारही कडा फोटोत आल्या पाहिजेत, कोरं पान आलं तरी त्याचाही फोटो, नाहीतर नंतरच्या माणसाला वाटतं पान चुकलं.

दोघं लागतात, एक पान उलटायला आणि एक फोटोला. उलटणाऱ्याने बोलायचं, "चौदा अ, चौदा ब". तासभरानंतर माणसं बदला, कंटाळलेल्या हातानेच पानं फाटतात.

जागेचा हिशेब आधी करा. १२ मेगापिक्सेलचा एक फोटो टिफमध्ये ३६ एमबीच्या घरात जातो, हजार फोटो म्हणजे ३६ जीबी. गूगलचे फुकटचे १५ जीबी किती दिवस पुरणार. आम्ही टिफ हार्ड डिस्कवर ठेवतो आणि वाचायला जेपेग.

१०. कॉप्या

तीन प्रती, दोन वेगळ्या तऱ्हांच्या साधनांवर, त्यातली एक दुसऱ्या जागी. आमची एक डिस्क खोलीत, दुसरी म्हापशाला एका सदस्याच्या घरी, तिसरी प्रत क्लाउडवर. दोन्ही डिस्क एकाच खोलीत असतील तर ती एकच प्रत समजा. वर्षातून एकदा डिस्क लावून फाइली उघडतात का बघा, आणि वहीचे पण फोटो काढा, वही गेली तर उरलेल्या फोटोंना अर्थ राहत नाही.

आणि घराला एक छापील प्रत नक्की द्या. श्रावणात पारायणाला मूळ पोथी मागायला येतात, आपण नाही म्हणू शकत नाही, त्यांचीच आहे. आम्ही मूळ आकारात जाड कागदावर रंगीत प्रिंट काढून सुटी पानं तशीच फडक्यात बांधून देतो. आता दोन घरं त्यावरच वाचतात आणि मूळ पोथीला फक्त फूल वाहतात.

११. जे लिहिलेलंच नाही

आपल्याकडचं कितीतरी ज्ञान पोथीत कधी गेलंच नाही. खाजन शेती घ्या, म्हणजे खाडीकाठी बांध घालून केलेली भातशेती. बांधावर आयुष्य काढलेले एक आजोबा आहेत, त्यांच्याकडून मानशीचं, म्हणजे बांधातल्या पाणी सोडायच्या वाटेचं, दार कसं चालतं ते मी रेकॉर्ड करायला गेले. ओहोटीला शेतातलं पाणी दार लोटून बाहेर जातं, भरती आली की बाहेरचं पाणीच दार दाबून बंद करतं, माणसाने ओढायला लागत नाही. अवसे-पुनवेला भरती मोठी, तेव्हा बांधावर फिरून खेकड्यांची भोकं बघायची. पहिल्या पावसाने मीठ धुपलं की नाही हे ते माती जिभेला लावून सांगायचे, मग कोरगुट, म्हणजे खारं पाणी सोसणारं भात, पेरायचं. तासभर बोलले, मी खूष होऊन घरी आले.

घरी ऐकलं तर दर दोन मिनिटांनी "हें अशें आनी तें अशें". दार कसं फिरतं हे ते दोन तळहातांनी दाखवत होते आणि माझ्याकडे नुसता आवाज. परत गेले, या वेळी व्हिडिओ, आणि तोंडावर नाही, हातांवर कॅमेरा. तेव्हापासून आमचा नियम, कारागीर, शेतकरी, सुईण, वैद्य, कुणीही असो, हात दिसले पाहिजेत आणि शक्य तर जागेवर जाऊन.

सुरुवातीला तारीख, गाव, नाव त्यांच्याच तोंडून. कोंकणीत बोलले तर कोंकणीतच राहू द्या, मराठीत बोला म्हणू नका, शब्द जातात. धालो किंवा रणमालं अशा लोककलांचं गाणं रेकॉर्ड करायचं तर विचारा की हे मांडाबाहेर, म्हणजे ते सादर करायच्या पवित्र जागेबाहेर, वाजवलेलं चालेल का, काही ठिकाणी नाही चालत. आणि एखाद्या वैद्याने सांगितलं की हे घरातच ठेवायचं, तर बटण बंद करा.

१२. मोठ्या दारांवर कधी जायचं

शाईने खाल्लेले कागद, वाळवी लागलेलं बाड, ताडपत्रं, ही आपल्या खोलीत ठेवायची हौस करू नका. पणजीत पुराभिलेख खातं आहे, त्या दप्तरखान्याची सुरुवात १५९५ ची, पहिला दप्तरदार दियोगु दु कौतु, आणि तिथलीच कागदपत्रं वर्षानुवर्षं वाचून डॉ. पांडुरंग पिसुर्लेकरांनी मराठे-पोर्तुगीज संबंधांचा इतिहास उभा केला. पणजीतल्याच पाटो भागातलं कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालय १८३२ चं. पर्वरीला झेवियर इतिहास संशोधन केंद्र आहे. मोडीसाठी पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ. जाताना वहीची झेरॉक्स न्या, नुसतं "आमच्याकडे जुनं आहे" म्हटलं तर कुणालाच काही करता येत नाही, वही दाखवली की बोलणं सुरू होतं.

केंद्राचं हस्तलिखित मिशन २००३ पासून होतं, २०२५ च्या बजेटमध्ये ज्ञान भारतम् नावाने मोठी मोहीम जाहीर झाली, एक कोटीहून जास्त हस्तलिखितांची नोंद करायची म्हणून. तुमची यादी तयार असेल तर अशा मोहिमेत गावाचं नाव लागतं.

पोथ्या विकत घेणारेही दारात येतील, नोटा मोजत. १९७२ च्या पुरावस्तू कायद्याप्रमाणे ७५ वर्षांहून जुनं महत्त्वाचं हस्तलिखित पुरावस्तू धरलं जातं आणि ते खाजगी माणसाला देशाबाहेर नेता येत नाही. घरकारांना हे शांतपणे सांगा. गरजेपोटी विकणारं घर असेल तर निदान आधी फोटो काढू देतात का विचारा.

छापायचं किंवा नेटवर घालायचं तर लेखक जाऊन ६० वर्षं झाली का बघा, तोवर हक्क वारसांचे असतात.

१३. पावसाळा

मेच्या शेवटच्या आठवड्यात सगळं फडक्यात, फडकं डब्यात, डब्यात सिलिका जेलच्या पिशव्या. रंग बदलला की काढून तापवून परत घालायच्या, फेकायच्या नाहीत. दर रविवारी एक जण जाऊन यंत्रावरचा आकडा वहीत लिहितो, भिंतीला हात लावून बघतो, कपाटामागे टॉर्च मारतो. डिह्युमिडिफायर, म्हणजे हवेतला ओलावा ओढणारं यंत्र, घेतलात तर त्याचं पाणी रोज ओतायला माणूस ठरवा, आमचा एक महिना भरून बंद पडला होता.

पाणी आलंच तर बुरशी धरायला ४८ तास पुरतात, त्यामुळे कुणाची वाट बघू नका. पानांमधे टीपकागद, पंखा चालू, टीपकागद ओला झाला की बदला, रात्री पण बदला. इस्त्री, ऊन, हेअर ड्रायर नको. चिकटलेली पानं ओढू नका.

मग तुळशीचं लग्न झालं की पहिल्या कोरड्या रविवारी आम्ही कपाटं उघडतो. एक जण वही वाचतो, "घर तीन, रुमाल दोन", दुसरा काढून दाखवतो, तिसरा खूण करतो. दुपारपर्यंत मोजणी होते, आणि तो जुना ज्योतिषाचा रुमाल आला की मी सुटी पानं परत एकदा चाळते.